भास्करकाकांची एक्सपी

आमच्या राजूरला भास्करकाकांनी दुरुस्त केलेला संगणक सुरू केला, की तो आधी बोलतो. "या, बसा. जल्दी न्हाई ना?" आवाज अर्थातच काकांचा.

गणपती मंदिराच्या रस्त्यावर काकांचं संगणकदुरुस्तीचं दुकान आहे. गावातल्या जुन्या संगणकांवर अजून विंडोज एक्सपी चालते. पण जशी आली तशी ती काकांना कधीच पटली नाही. "रेडिमेड शर्ट हाय तो. आपल्या अंगाला बराबर बसवावा लागतो," म्हणत ते ती उसवतात, नको ते कापतात, हवं ते जोडतात आणि दर चतुर्थीला नवी आवृत्ती सीडीवर काढतात. अंगारकी असली तर 'स्पेशल'. त्यांच्या एक्सपीत कचरापेटीला उकिरडा म्हणतात. काही बिघडलं तर पडद्यावर पाटी येते : 'घाबरू नका. चहा घ्या. मंग भास्करला बोलवा.'

"काका, एवढी जुनी एक्सपी कशाला?" मी एकदा विचारलं.

"म्हातारी झाली म्हणून टाकून द्यायची का? म्या सांभाळून राह्यलो तिला."

काका बोलायला लागले की थांबत नाहीत. लग्न केलं नाही, त्यामुळे घरी ऐकायला कुणी नाही. संध्याकाळी ते जाधव सरांकडे जायचे. मी आमच्या घरातला पहिला पदवीधर झालो तो याच सरांमुळे. सर संगणकावर पत्त्यांचा डाव मांडायचे, काका शेजारून सल्ले द्यायचे, आणि सर बिचारे हसून ऐकून घ्यायचे.

यंदा सरांना अर्धांगवायूचा झटका आला. उजवा हात गेला, वाचाही गेली. डॉक्टर म्हणाले, बोलायचा प्रयत्न करायला हवा. पण सर कुणी आलं की भिंतीकडे तोंड करायचे.

काकांनी दुकान बंद ठेवलं आणि चतुर्थीची वाट न बघता एकट्या सरांसाठी एक्सपी शिवली. सगळं काढून टाकलं, फक्त पत्ते ठेवले. एकेक पत्ता तळहाताएवढा. माऊस डाव्या हाताचा करून दिला.

मी गेलो तेव्हा जाधव काकूंनी सरांना खुर्चीत बसवलं होतं. डावा हात माऊसवर आला. एक पत्ता सरकला. दुसरा सरकला. काकांना राहवेना.

"सर, लाल नव्वी काळ्या दश्शीवर घ्या. तिकडं न्हाई, इकडं! अवो, आधी तो एक्का काढा ना. बिलकुल चुकून राह्यले तुम्ही!"

सरांचे कान लाल झाले. ओठ वाकडे झाले, हलले, पुन्हा हलले.

"ग... गप!"

काकू स्वयंपाकघरातून धावत आल्या. सर स्वतःच दचकले होते. काकांनी खुर्ची जवळ ओढली, बाहीनं डोळे पुसले आणि हात जोडले.

"सर, अजून एकदा म्हणा की."