तवनाप्पा मास्तरांची दोन डोकी

शाळा तपासाय आलेल्या डिपोटीसाहेबांनी मराठीची हजेरी घेतली तवा माझी गंगी उठून "हजर" म्हणाली. मग त्यांनी कानडीची हजेरी घेतली, आन तीच गंगी खांबाला वळसा घालून पल्याडच्या बस्करावर गेली, परत उठली आन म्हणाली, "इद्दीन्री." मी खिडकीबाहेर हुते. पोरगी पाटी घरात विसरलीवती, ती द्यायला आलते. माझ्या हातातनं पाटी पडली, दोन तुकडं झालं, साहेबांनी आवाजाकडं बघितलं, आन मी खिडकीखाली बसले.

"मास्तर," साहेब आत म्हणाले, "ही मुलगी एक आहे की दोन?"

आता ह्ये कसं झालं ते सांगायचं तर आदी मास्तर सांगाय पायजेत.

तवनाप्पा मास्तरांना दोन डोकी हुती. आमच्या वडगावात समदी असंच म्हणायची. एक काळी टोपी आन एक पांढरा रुमाल. रुमाल म्हंजे फेटाच, आमच्याकडं त्याला रुमाल म्हणत्यात. टोपी डोक्यावर असली की मास्तर मराठी बोलायचे, रुमाल असला की कानडी. टोपीत कानडीचा एक शब्द न्हाय आन रुमालात मराठीचा एक न्हाय. शाळा एका खोलीची, मास्तर एकटेच. सकाळी खांबाच्या अल्याड मराठीची पोरं शिकायची आन पल्याड कानडीची पाटीवर गिरवत बसायची, दुपारी उलटं. मधल्या सुट्टीनंतर मास्तर खुंटीकडं जायचे आन म्हणायचे, "थांबा, डोकं बदलतो."

रुमाल ते बांधायचे न्हाईत बरं का. बांधलेलाच असायचा. भाताच्या डेचकीवरचं झाकण उचलावं तसा दोन्ही हातांनी उचलायचे, तसाच ठेवायचे. कुणी हात लावतो म्हणलं तर डोळं मोठं करायचे.

एकदा वर्गात साप निघाला. कानडीची पोरं बोंबलाय लागली, "हावु, हावु." मास्तरांच्या डोक्यावर टोपी. त्यांनी पोरांना हातानं थांबा केलं, खुंटीपाशी गेले, टोपी काढली, रुमाल चढवला, मग वळून कानडीत इचारलं, काय झालंय. तवर साप भिंतीच्या भोकातनं आपल्या घरी गेलता.

बाजारात जाताना बी एक डोक्यावर आन दुसरं वेताच्या बुट्टीत. आमच्या आत्ती, म्हंजे माझी सासू, कानडीच्या. त्या मुद्दाम मास्तरांना रस्त्यात गाठायच्या आन अर्धं मराठी अर्धं कानडी बोलायच्या, जसं इथं समदीच बोलत्यात. मास्तर एका हातात टोपी, एका हातात रुमाल धरून बोडक्या डोक्यानं उभे. बोडकं डोकं म्हंजे तोंड बंद. आत्ती घरी येऊन सांगायच्या आन हसून हसून हातमागाच्या खांबाला धरायच्या.

मी हसायची न्हाय. मला त्यांचं भ्याच वाटायचं. मला समद्याचंच भ्या वाटतंय.

मी निपाणीची, मराठीच बोलणारी. चौदाव्या वर्षी ह्या विणकराच्या घरात आले. घरात समदं कानडी. आत्तींनी पाणी मागितलं तर मी मीठ नेऊन द्यायची, मीठ मागितलं तर चूल फुकाय बसायची. कळायचंच न्हाय तर काय करणार. रडू आलं तर ते बी कुठल्या भाषेत रडू असं व्हायचं. आमचे मालक माग सोडून बोलायचे न्हाईत. मी दुसरीच्या पुस्तकापतोर शिकलेली, तेवढ्यावर आईला दोन वळी लिवायची, त्या बी वाकड्या.

म्हणून गंगी सात वर्साची झाली तवा मला वाटलं, हिला मराठी यावं. निपाणीला आजीच्या घरी गेली तर माझ्यावाणी गप बसू नये. पण आत्ती म्हणाल्या, कानडी शिकंल न्हायतर घरात बसून मागाला सुताच्या कांड्या भरंल. मराठी शिकली की पोरीचं तोंड निपाणीकडं वळंल, असं त्यांना वाटायचं. दुपारी त्या मला न सांगता शाळंत गेल्या आन कानडीच्या पटावर गंगव्वा म्हणून नाव घालून आल्या, ह्ये मला मागनं कळलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पाणी आणतो म्हणून मी घागर घिऊन गेले ती सरळ शाळंत. मास्तरांच्या डोक्यावर टोपी हुती. म्हणलं, "मास्तर, गंगूबाई लिवा. मराठीत. आन आत्तींना सांगू नका." मास्तरांनी बापाचं नाव इचारलं. मी नवऱ्याचं नाव कसं घेणार, घागरीकडं बघत कसंबसं घेतलं. मास्तरांनी टाक थांबवला. माझ्याकडं बघितलं. मला वाटलं आता हाकलत्यात. पण त्यांनी सावकाश, वळणदार अक्षरात लिवलं, शाई टिपली आन म्हणाले, "सकाळी धाड, पोरी."

पंधरा दिवसांनी मला कळलं, गंगी दुपारी खांबाच्या पल्याड असती, कानडीच्या पोरांत. आत्तींना वाटायचं पोरगी दिवसभर कानडी शिकती. मी गप बसले. मास्तर गप बसले. गंगी तर खुशीत, तिला वाटायचं शाळा अशीच असती, सकाळी एक नाव आन दुपारी एक.

तर साहेबांनी इचारलं, एक की दोन. मी खिडकीच्या फटीतनं बघत हुते. साहेबांनी दोन्ही हजेऱ्या टेबलावर मांडल्या, टाक मास्तरांच्या हातात दिला आन म्हणाले, "एका मुलीचं एकच नाव पटावर राहील. एक खोडा. आत्ता, माझ्यासमोर."

मास्तरांनी टाक खाली ठेवला. टोपी काढून खुंटीला लावली. मला वाटलं आता डोकं बदलणार आन कानडीत काहीतरी सांगून निभावून नेणार. रुमालापतोर हात गेला. तिथंच थांबला, आन तसाच माघारी आला. मास्तर बोडक्या डोक्यानं साहेबांपुढं उभे राहिले.

पोरांना ठावं हुतं त्याचा अर्थ काय. साहेबांना ठावं नव्हतं. त्यांनी दोनदा इचारलं, तिसऱ्यांदा आवाज चढवला. मग साहेबांनी वहीत कायतरी लिवलं आन चष्मा पुसला.

आठ दिवसांत हुकूम आला. मास्तरांची बदली कणकुंबीला, पार रानात. आन गंगीच्या आईबापातल्या कुणीतरी सोमवारी येऊन नव्या मास्तरापुढं एक नाव खोडायचं, न्हायतर दोन्ही खोडणार.

मी गंगीला घिऊन मास्तरांच्या घरी गेले. ते जैन, दिवस मावळायच्या आत जेवून मोकळे. ताट घासून पालथं घातलेलं, एकच ताट. बोडक्या डोक्यानं उंबऱ्यात बसलेवते. मला वाटलं आता कसलं बोलत्यात. तरी म्हणलं, "मास्तर, तुमी सांगा, कुठलं खोडू."

"तंगी," ते म्हणाले. रुमालात असले की मला ते असंच म्हणायचे, धाकट्या भणीला म्हणत्यात तसं. पण डोकं बोडकं, आन पुढचं समदं मराठीत. "मला ठावं असतं तर मीच खोडलं असतं. तिथंच सुटलो असतो."

मी खाली बसले.

"माझी बायको बैलहोंगलची," ते म्हणाले. "तिला मराठी येत नव्हतं, मला कानडी. वरीसभर एका घरात दोन मुकी. मग तिनं मला चुलीपाशी बसवून शिकवलं. तूर दावायची, नाव सांगायची. चुकलो तर ती तूर परत डब्यात. बोलाय आलं तवा आमी दोघं इतकं बोललो, इतकं बोललो, शेजारी वैतागले."

आन हसले. मी त्यांना हसताना बघितलं नव्हतं.

"तापानं गेली. त्या दिशी सकाळी उठून बसून तिनं ह्यो रुमाल बांधला हुता. मला बांधाय येत न्हाय."

रुमाल त्यांच्या शेजारी बुट्टीत हुता. दहा वर्सं झाली म्हणाले. घडी तशीच, कडंला जरा पिवळी पडलेली.

"ह्यो डोक्यावर असताना मराठी बोललो तर तिला कळायचं न्हाय," ते म्हणाले. एवढंच. मला साप आठवला, आत्तींचं हसणं आठवलं, आन कुठं बघावं कळंना.

मी म्हणलं, "मग माझ्या गंगीला दोन्हीकडं का लिवलंसा?"

"एक बाई दुपारी आली, दुसरी सकाळी. एकाच घरातल्या. दोघी म्हणाल्या, दुसरीला सांगू नका. मला माझं पयलं वरीस आठवलं."

मग त्यांनी बुट्टी गंगीच्या मांडीवर ठेवली. जे कुणाला हात लावू देत नव्हते त्यांनीच ठेवली. "कणकुंबीला वर्ग मराठीचाच हाय. तिथं ह्येच्याशी कानडी बोलणारं कोण न्हाय, आन रानातल्या पावसात सुटला तर परत बांधणारं बी कोण न्हाय. आठवड्यातनं एकदा ह्येच्यापुढं दोन शब्द बोलत जा."

गंगीनं बुट्टीत वाकून लगीच कानडीत इचारलं, "ऊटा आयतेनु?" जेवण झालं का म्हणून. मास्तरांनी तोंड पालथ्या ताटाकडं फिरवलं.

काल त्यांची गाडी गेली. डोक्यावर टोपी हुती. रुमाल आता आमच्या मागावरच्या फळीवर हाय. आत्तींनी इचारलं, कुणाचा. मी भीतभीत मास्तरांचं आन त्यांच्या बायकोचं सांगितलं, पटाचं सांगायचं धाडस झालं न्हाय. आत्ती हसल्या न्हाईत. म्हणाल्या, "ती फळी आदी पूस, मग ठेव."

उद्या सोमवार. कानडीचं खोडलं तर ह्याच आत्ती पोरीला कांड्या भराय बसवतील. मराठीचं खोडलं तर ती आजीच्या घरी मी इथं बसले तशी बसंल, आन माझ्या आईला लिवायला माझ्याच वाकड्या वळी. गंगी मगाशी झोपताना इचारत हुती, "आई, जिला खोडशील ती कुठं बसायची?"

तुमाला शिकलेल्यांना इचारते, टाक तुमच्या हातात असता तर तुमी कुठल्या नावावर रेघ वडली असती?