चाक गोल दिसलं पाहिजे

साल २०२२. नवरात्र उठलं आणि दौंडच्या एका दवाखान्यात आण्णांचा उजवा गुडघा बदलला. डॉक्टर वयानं तरुण, पण बोलायला खमके. त्यांनी आण्णांच्या बायकोला, नकुशाबाईंना, बाजूला घेऊन सांगितलं, "आजी, घरातल्या घरात वॉकर धरून चालवा, दिलेले व्यायाम करून घ्या. पण तीन महिने ट्रॅक्टरवर चढले, तर नंतर माझ्याकडे आणू नका."

 सेहेचाळीस वर्षांच्या संसारात आण्णांना निवांत बसलेलं नकुशाबाईंनी पाहिलं नव्हतं. लग्नात पाटावर बसले होते म्हणावं, तर तिथूनही बैलांना वैरण पडली का ते बघायला मधेच उठून गेले होते.

खुटबावला घरी आल्यावर नवव्या दिवशी वॉकर ट्रॅक्टरच्या शेडच्या दारात उभा दिसला आणि आण्णा आत.

"कुठं निघाला?" नकुशाबाईंनी विचारलं.

"निघतोय कुठं? टायरात हवा हाय का बघतोय."

"मंग पाय पायरीवर कशापायी?"

"वरनं हवा नीट दिसती."

त्या दिवसापासून ट्रॅक्टरची किल्ली नकुशाबाईंच्या पदराच्या गाठीला गेली. त्याचा फारसा उपयोग नव्हता. ट्रॅक्टर एकोणनव्वद सालचा. किल्ली हरवली तेव्हापासून नवी मिळेपर्यंत आण्णांनी तो दोन वायरी टेकवून चालवला होता, आणि ती विद्या ते विसरले नव्हते.

मुलगा ज्ञानेश कुरकुंभच्या केमिकल कारखान्यात कंट्रोल रूमला होता. शिफ्ट संपल्यावर कॉम्प्युटरवर गेम खेळणं एवढाच त्याला नाद. त्या दिवाळीच्या तोंडावर त्यानं पुण्याहून नवा मॉनिटर आणला. पावणेदोन हात लांब आणि जेमतेम दीड वीत उंच.

"टीव्ही हाय का उंबरा?" नकुशाबाई म्हणाल्या.

"आये, अल्ट्रावाइड म्हंत्यात ह्याला. आन् ऐक, ह्यात मी शेतीचा गेम टाकतो. ट्रॅक्टर, नांगर, पेरणी, समदं हाय. आण्णा खुर्चीत बसतील."

नकुशाबाईंनी मुलाकडे असं पाहिलं, जसं तो दहावी पास झाला तेव्हा पाहिलं होतं. म्हाताऱ्याचा गुडघा वाचवायचा तर त्याला बसवायला हवं, आणि बसवायचा तर त्याला ट्रॅक्टर हवा. खुर्चीतला ट्रॅक्टर ही युक्ती त्यांना डॉक्टरपेक्षा पटली.

ज्ञानेशनं टेबलाला स्टिअरिंग आवळलं. खुर्चीत उशी ठेवली. आण्णा टोपी घालून बसले. गेम सुरू झाला आणि पडद्याच्या मधोमध शेत उगवलं. दोन्ही कडांना मात्र काळ्या कुळकुळीत पट्ट्या.

"बांध कुठाय?" आण्णांचा पहिला प्रश्न.

"आण्णा, परदेशातलं शेत हाय. तिथं बांध नसतू."

"बांध नसतू? मंग भांडत्यात कशावरनं?" आण्णांनी मान डावीकडे कलवून पट्टीच्या मागे डोकावायचा प्रयत्न केला. "ह्या काळ्याच्या पल्याड असंल बग. काढ ती. बांध न बघता नांगर वळवायला मी काय येडा हाय?"

ज्ञानेशनं समजावलं की गेम जुना आहे, नेहमीच्या पडद्याच्या मापाचा आहे, म्हणून दोन्हीकडं जागा उरते. आण्णांनी स्टिअरिंग सोडलं. उरलेली जागा पडीक ठेवणं त्यांच्या रक्तात नव्हतं.

मग ज्ञानेश बटणं दाबू लागला आणि नकुशाबाई दारात उभं राहून सांगू लागल्या, "आलं... आलं... गेलं!" तसं सांगताना त्यांना सत्त्याऐंशी साल आठवलं. घरात पहिला टीव्ही आला होता, आण्णा धाब्यावर चढून अँटेना फिरवत होते आणि आपण दारातून हेच ओरडत होतो. तेव्हा आळीतली वीस माणसं अंगणात बसलेली असायची आणि वीसच्या वीस जण वेगवेगळं सांगायची.

"आलं!" त्या ओरडल्या. खरंच आलं होतं. पडदा या टोकापासून त्या टोकापर्यंत भरला होता.

नकुशाबाई भाकऱ्या करायला आत गेल्या. आण्णांनी मान पडद्याजवळ नेली. "ट्रॅक्टर गाभण हाय व्हय रं?"

"जरा ताणलंय चित्र. सवय व्हईल."

"चाक बग की. चाक हाय का वांगं? असल्या चाकाचा ट्रॅक्टर उड्या मारंल. थांब, चाक कसं असतं दावतो तुला." आणि आण्णांचा हात वॉकरकडे गेला. वॉकरचं तोंड शेडकडे.

नकुशाबाई स्वयंपाकघरातून धावल्या त्या हातातल्या भाकरीसकट. "बसा! बगू कुठं वाकडं हाय ते." त्यांनी भाकरी पडद्यावर चाकाला लावली. वर-खाली भाकरी बाहेर आली, दोन्ही बाजूंना चाक बाहेर आलं. पडद्याला पीठ लागलं ते वेगळंच.

"भाकर तरी कुठं गोल हाय?" आण्णा म्हणाले.

"सेहेचाळीस वर्सं खाल्ली, तवा न्हाई दिसलं?"

प्रकरण भलतीकडं जातंय हे बघून सून सारिका स्टीलची ताटली घेऊन आली. केडगावच्या शाळेत ती शिक्षिका होती. माप कशानं घ्यायचं हे तिला कळत होतं. ताटलीनं निकाल दिला. चाक वांगंच होतं.

"सैफला बोलवतो," ज्ञानेश म्हणाला.

सैफ मूळचा तळेगाव ढमढेऱ्याचा, ज्ञानेशच्याच कारखान्यात इन्स्ट्रुमेंट टेक्निशियन, दौंडला खोली घेऊन राहणारा. सुट्टीच्या दिवशी तो मोटारसायकलवरून आला, पडद्यापुढे बसला आणि पाच मिनिटांत म्हणाला, "मावशी, जगात एवढा रुंद पडदा असतू हे ह्या गेमला ठाऊकच न्हाई. त्याच्या फायलीत आपण रुंदी लिहून द्यायची."

"मंग लिही की बाबा. ठळक लिही."

सैफनं आकडे लिहिले. गेम पुन्हा सुरू झाला. नकुशाबाईंनी ताटली लावली. चाक तंतोतंत ताटलीएवढं, तंतोतंत गोल. त्यांनी सैफला चहा, चिवडा आणि वर डबाभर करंज्या दिल्या, आणि त्याचा नंबर आपल्या फोनमध्ये घालून घेतला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आण्णांनी नांगरट सुरू केली. दहा पावलं नांगरावं आणि मागं वळून नांगर बघावा, ही ट्रॅक्टरवाल्याची जन्माची खोड. आण्णांनी खुर्चीत कंबर पिळून मागं पाहिलं. मागं नकुशाबाई लसूण सोलत होत्या.

"नांगर कुठाय?"

"मला काय इचारता? मी काय नांगर हाय?"

"पडद्यात बी दिसंना, मागं बी दिसंना. खाली किती लागतोय ते कसं कळायचं?" पुन्हा कंबर पिळली, पुन्हा लसूण. तिसऱ्यांदा गुडघ्यातून कळ आली तेव्हा नकुशाबाईंनी फोन उचलला. ज्ञानेश शिफ्टला, सारिका शाळेत. सैफ सेकंड शिफ्टला जाणार होता, म्हणजे खोलीवर होता.

"मावशी, रुंदी वाढवली तर खाली-वर कापलं गेलंय," सैफ म्हणाला. "तुमीच करा. चष्मा लावा. मी सांगतो ती फाइल उघडा."

नकुशाबाई चौथी शिकलेल्या. आयुष्यात पहिल्यांदा त्या कीबोर्डपुढे बसल्या. सैफ सांगत गेला आणि त्या एका बोटानं, चुलीत सरपण सारावं तशा बेतानं, एकेक कळ दाबत गेल्या.

"आता तीन इंग्रजी अक्षरं हायेत, त्याच्या म्होरं साठ लिवलंय. दिसलं? साठचं नव्वद करा."

"एकदम नव्वद? आदी पंच्याहत्तर करून बगू का?"

"मावशी, मीठ न्हाई ते. करा बिनधास्त."

त्यांनी नव्वद केले. शेत खालून-वरून उघडलं. नांगर दिसला, नांगराचे फाळ दिसले, उलटलेली माती दिसली. नकुशाबाई स्वतःच्याच बोटाकडे बघत राहिल्या.

दोन दिवस सुखाचे गेले. तिसऱ्या दिवशी ट्रॅक्टर रानाच्या मधोमध थांबला. डिझेलचा काटा पडद्याच्या अगदी उजव्या कोपऱ्यात, आण्णांच्या नजरेच्या पार पलीकडं गेलेला. "डिझेल संपलं," असं पुटपुटत आण्णा उठले आणि सरळ चालू लागले. नकुशाबाई न्हाणीघरातून बाहेर आल्या तेव्हा आण्णा अंगणात होते. वॉकर नाही, काठी नाही, हातात शेडमधला डिझेलचा कॅन.

"अवं! कुठं वतनार ते?"

आण्णांनी कॅनकडे पाहिलं, घराकडे पाहिलं. आजूबाजूला कुणी नाही ना तेही पाहिलं. "शेड झाडायचं व्हतं," ते म्हणाले.

सैफला पुन्हा फोन. पुन्हा फाइल, पुन्हा एक बोट. काटे मधोमध आले. तुळशीचं लग्न होईस्तोवर असे अकरा फोन झाले आणि खुटबावात कुणाचं शेत इतकं नीट दिसत नसेल असं आण्णांचं दिसू लागलं.

आणि आण्णा बसले. असे बसले की उठेचनात. सकाळी टोपी घालून बसायचे, दुपारचं ताट टेबलावर. व्यायामाचं नाव काढलं की म्हणायचे, "एवढी पात व्हऊ दे." शेजारचे सुदर्शन आप्पा तब्येत विचारायला आले.

"आण्णा, औंदा हरभरा पेरायचा न्हाई का?"

"पेरतोय की. दिसत न्हाई व्हय तुला?"

आप्पांनी पडद्याकडे पाहिलं, नकुशाबाईंकडे पाहिलं आणि चहा न घेता गेले.

सहा आठवड्यांनी नकुशाबाई आणि सारिकानं आण्णांना डॉक्टरांकडे दाखवायला नेलं. डॉक्टरांनी गुडघा वाकवला. तो अर्ध्यात अडला. "आजी, हा जाम होतोय. हे दिवसभर करतात काय?"

"ट्रॅक्टर चालवत्यात," नकुशाबाईंच्या तोंडून निघून गेलं.

त्यानंतर डॉक्टर जे बोलले ते थांबवून, कोणता ट्रॅक्टर ते समजावून सांगायला सारिकाला बराच वेळ लागला. डॉक्टर हसले नाहीत. "खरा असो नाहीतर खोटा. रोज चालले पाहिजेत. तीन आठवड्यांत हा काटकोनात वाकला नाही, तर भूल देऊन मला वाकवावा लागेल."

भूल म्हटल्यावर नकुशाबाईंची झोप उडाली. त्यांनी स्टिअरिंग लपवलं. आण्णा कीबोर्डवर नांगरायला शिकले. "गावात लोक काय म्हंतील" म्हणून पाहिलं. आण्णांना गाव आठवेना. आपणच बसवलेला माणूस उठवायचा कसा, हे त्यांना काही केल्या सुचत नव्हतं.

नोव्हेंबरच्या शेवटच्या सोमवारी आण्णा टोपी घालून बसले आणि ओरडले, "अगं, पट्ट्या आल्या!"

गेमनं रात्रीतून आपोआप अपडेट घेतला होता आणि सैफनं लिहिलेली रुंदी, नव्वदचा आकडा, मधोमध आणलेले काटे, सगळं पुसून टाकलं होतं.

"सैफला लाव फोन," आण्णा म्हणाले.

नकुशाबाईंनी चष्मा लावला. ती फाइल कुठं असते, त्यात कुठल्या ओळीवर काय लिहायचं, हे आता त्यांना तोंडपाठ होतं. दोन मिनिटांचं काम. त्यांनी फोन कानाला लावला, थोडा वेळ धरला आणि खाली ठेवला.

"लागत न्हाई."

"परत लाव."

"शिफ्टला असंल. आत फोन नेऊ देत न्हाईत."

त्या मटार सोलायला बसल्या. आण्णा तासभर काळ्या पट्ट्यांकडे बघत बसले. दुपारी पुन्हा, "लाव." पुन्हा, "लागत न्हाई." दुसरा दिवस तसाच. तिसऱ्या दिवशी आण्णा उठले, काठी घेतली आणि म्हणाले, "जरा रानात जाऊन येतो. सुदर्शननं बांध कोरला असंल."

रान घरापासून चारशे पावलं. बांध कोरलेला नव्हता, तरी आण्णा रोज खात्री करायला जाऊ लागले. आधी एकदा, मग सकाळ-संध्याकाळ. तीन आठवड्यांची मुदत भरली तेव्हा डॉक्टरांनी गुडघा वाकवला तो काटकोनाच्याही पुढे गेला.

"वा! कसं जमवलं आजी?"

"फोन लागत न्हवता," नकुशाबाई म्हणाल्या.

या गोष्टीला आता काही वर्षं झाली. डॉक्टर सोलापूरला मोठ्या दवाखान्यात गेले; दौंडच्या पेशंटांना अजून फोनवर रागावतात. सैफला गुजरातेत चांगली नोकरी लागली, शिरूरच्या मेहकशी त्याचं लग्न झालं. लग्नात नकुशाबाईंनी करंज्यांचा डबा धाडला. ज्ञानेश शिफ्ट इनचार्ज झाला आणि त्याचा गेमचा नाद सुटला. सारिका त्या लांब पडद्यावर पोरांच्या प्रश्नपत्रिका काढते, दोन पानं शेजारी शेजारी मावतात म्हणून खूश असते. आण्णा जानेवारी सरता सरता खऱ्या ट्रॅक्टरवर चढले आणि अजून उतरलेले नाहीत.

गेल्या उन्हाळ्यात एका दुपारी ऊन फार म्हणून ते घरी थांबले आणि बऱ्याच दिवसांनी गेम उघडला. पडदा काठोकाठ भरलेला, चाक गोल, नांगर जागेवर. फक्त शेतात गहू नव्हता. कापून, मळून, कोठारात भरलेला, आणि रान पुन्हा नांगरून तयार.

"माझा गहू कुणी काढला?" आण्णा गरजले. ज्ञानेश म्हणाला, मी हात लावला नाही. सारिका म्हणाली, मी शाळेत असते.

नकुशाबाईंनी चष्मा पुसून पदराखाली घेतला.

"पिकला व्हता," त्या म्हणाल्या. "उबा ठिवायचा व्हता का?"