चहासह ताबा

साहेब, तुम्ही घर विकलंत आणि आतला माणूस आतच ठेवलात. हा आरोप आहे. तुमच्या आवक-जावकच्या टेबलावर तो हरवायच्या आधी इथं लिहून ठेवतो.

हुपरीचे सम्मेद मगदूम चांदीचे पैंजण घडवतात. भाड्याच्या एकाच खोलीत भट्टी आणि संसार. ती खोली मालकानं पाडव्यापर्यंत रिकामी करायला सांगितली, म्हणून सम्मेदनं तुमच्या कोर्टाच्या लिलावात, कर्ज थकलेल्या हंबीररावांचं घर घेतलं. सगळी रक्कम भरली. लिलाव कायम झाला, विक्रीचा दाखला मिळाला, ताब्याचा अर्जही मुदतीत गेला. कायद्यानं खरेदीदाराला दिलेले सगळे हक्क त्याच्याकडे प्लॅस्टिकच्या पिशवीत आहेत. फक्त घर तेवढं मिळायचं राहिलं.

पहिल्या तारखेला तुमचे बेलीफ आकाराम वॉरंट घेऊन सम्मेदबरोबर गेले. हंबीरराव दारातच उभे.

“या पावणं, या! उनाचं आलाय. आधी चा घ्या.”

“नको, आमी ताब्याला आलोय.”

“मग काय झालं? ताब्याला आल्यावर चा प्यायचा न्हाय, असं लिवलंय व्हय कागदात? माझ्या दारातनं माणूस तसाच गेला तर गाव काय म्हणंल?”

समोर आलेला चहा परत धाडणं आमच्याकडं कुणाला जमत नाही. सम्मेदनं कप घेतला. वर “साखर जरा बेतानं” असंही म्हणाला. आकारामांनी दोन कप संपवून अहवाल लिहिला: ‘खरेदीदार सदर घरी पाहुणे म्हणून उपस्थित. कब्जेदाराने दिलेला चहा विनाहरकत प्राशन केला, साखरेबाबत सूचनाही केली. आदरातिथ्य घराचा मालक करतो. सबब, मालकीचा खुलासा होईपर्यंत ताबा देता आला नाही.’

“एका कपात घर घालवलंसा!” सम्मेदची बायको दीपा कडाडली. “आता जाताना तोंडाला कुलूप लावून जावा.”

दुसऱ्या खेपेला सम्मेदनं चहा नाकारला. हंबीररावांच्या डोळ्यांत खरोखर पाणी आलं. गल्ली गोळा झाली. “चा न्हाय घेतला? एवढं काय वाकडं केलंय ओ आमी तुमचं?” आकारामांनी लिहिलं: ‘चहा नाकारल्याने परिसरात तणाव. पोलीस बंदोबस्ताशिवाय कार्यवाही अशक्य.’

बंदोबस्ताच्या अर्जाला पहिला अहवाल जोडलेला होता. फौजदारांनी तो मन लावून वाचला.

“मागल्या खेपेला त्याचा चा पिलासा, साखर सांगितलीसा, आणि आता त्याच्याच दारात पोलीस? माणूस हाईसा का कोण?”

शेरा पडला: ‘उभय पक्षांत घरोबा. बंदोबस्ताची गरज नाही.’

मग सम्मेदनं डोकं चालवलं. चहा पाजणारा मालक असेल, तर चहा मीच पाजतो! तिसऱ्या तारखेला तो मोठा थर्मास घेऊन गेला आणि हंबीररावांच्या, म्हणजे स्वतःच्याच, सोप्यात बसून सगळ्यांना चहा दिला. हंबीररावांनी तीन कप घेतले. “झ्याक झालाय. रोज आणत जावा की!”

आकारामांनी लिहिलं: ‘आज रोजी चहा खरेदीदाराने दिला. सबब, खरेदीदार हाच मालक असल्याचे निर्विवाद सिद्ध.’ सम्मेद नाचायचाच बाकी होता. पण खाली आणखी एक ओळ होती: ‘मालकाने स्वहस्ते चहा देऊन कब्जेदाराचे वास्तव्य मान्य केले. संमतीने राहणाऱ्यास या वॉरंटावर काढता येत नाही. स्वतंत्र दावा करावा. प्रकरण निकाली.’

“दाव्याला किती दिस लागतील ओ?” सम्मेदनं विचारलं.

“तुमचं वय काय?” आकाराम म्हणाले.

पाडवा उजाडला. खोलीमालकानं भट्टी रस्त्यावर काढली. तेव्हा टेम्पो घेऊन कोण आलं? हंबीरराव! माणूस वाईट नाही, हीच तर पंचाईत. “पावणं, आमची मागली पडवी मोकळीच हाय. भाड्याचं बघू आपापसात. घर आपलंच समजा.”

अकरा महिन्यांचा करार झाला. मालक भाडेकरू आणि कब्जेदार घरमालक. साक्षीदार म्हणून आकारामांनी सही केली. त्याची प्रत तुमच्या कचेरीनं दप्तराला लावली आणि शेरा मारला: ‘खरेदीदार प्रत्यक्ष घरात राहत आहे. ताबा पूर्ण.’

वाचकांनी हसू नये. परवा पलीकडच्या गल्लीतल्या घरावर लिलावाची नोटीस लागली. सम्मेदची ही कथा ज्यांना ज्यांना सांगितली, त्या सगळ्यांनी एकच विचारलं, “ते घर कितीला जाईल?” आत कोण राहतं, हे एकानंही विचारलं नाही. वाचकहो, तुमच्याही मनात तेच आलं असणार.

आणि साहेब, करार येत्या महिन्यात संपतोय. हंबीररावांना पडवी पुतण्याच्या लग्नाला हवी आहे. त्यांनी सम्मेदला रीतसर नोटीस दिली आहे. नोटीस द्यायला आले तेव्हा दीपानं त्यांना पाणीसुद्धा विचारलं नाही, म्हणजे संमतीचा प्रश्न यावेळी येत नाही. कागदपत्रं चोख आहेत, अडथळा कुठलाच नाही.

तर सम्मेद मगदूमला त्याच्याच घरातून बाहेर काढायला तुमचा बेलीफ किती दिवसांत येईल? तारीख सांगा. लेखी सांगा.