तीन किलो दोनशेची परीक्षा

उमेश झोपेत लाथा झाडायचा. म्हणून रोशनी जन्मल्यापासून बायकोने, भारतीने, त्याचं अंथरूण ओटीवर हलवलं होतं. महिना झाला तरी लेकीशेजारी निजायला मिळेना, तेव्हा तो हट्टालाच पेटला.

"माझी परीक्षा घे," तो म्हणाला. "रोशनीच्या जागी मधी पिकलेली पपई ठेव. चेंगरली तर जन्मभर ओटीवर निजंन."

भारती कबूल झाली. उमेश वाणगावच्या बाजारात गेला आणि रोशनीच्या वजनाची, बरोबर तीन किलो दोनशेची पपई मागू लागला.

"साडेतीनची हाय, ती ने," भाजीवाली म्हणाली.

"नाय. पोर तेवढी नाय."

भाजीवाली त्याच्याकडे बघतच राहिली. चौथ्या टोपलीवाल्याकडे त्याला हवी तशी पपई मिळाली.

दुपारी उमेशची आई, बायजी, नातीला घेऊन अंगणात बसली. जाण्याआधी तिने पपईला टोपडं घातलं. भारतीने ते काढलं.

"नर्सबाईंनी सांगितलंय, निजताना डोक्यावर काय नको. उशी नको, जाड गोधडी नको. आन पाठीवरच निजवायचं."

मग पपईची पाठ कुठली, यावर पाव तास गेला.

एका बाजूला उमेश आडवा झाला, दुसऱ्या बाजूला रोजच्या जागी भारती. नापास व्हायच्या धास्तीने उमेशला झोपच येईना. भारतीला मात्र महिन्याभरात सलग दोन तास झोप मिळाली नव्हती. ती लगेच घोरू लागली, कुशीवर वळली आणि तिचं कोपर पपईत गेलं.

उमेशला आधी आनंद झाला. मग पपईच्या जागी रोशनी असती, हे ध्यानात येऊन तो भिंतीला चिकटून बसला.

बायजी डोकावली. "अगं बाय, हे काय झालं?"

"हळू बोल," उमेश म्हणाला. "तिला निजू दे."

चार वाजता भारती उठली. तिने बरबटलेली बाही पाहिली, भिंतीला चिकटून बसलेला नवरा पाहिला, आणि तिला रडू फुटलं.

"तू हाय म्हणून नाय झालं," उमेश म्हणाला. "दमलेलं माणूस असंच निजतं. नर्सबाई काय म्हणालेल्या? पोरीचं अंथरूण वेगळं करा, हाताच्या अंतरावर."

"मी ऐकलं होतं," भारती डोळे पुसत म्हणाली. "मला वाटलं, ते तुझ्यासाठी हाय."

संध्याकाळी रोशनीसाठी शेजारीच, हाताच्या अंतरावर, एक वेगळी, सपाट सतरंजी अंथरली गेली. तिच्या बाजूची जागा उमेशने धरली. भारती त्याच्या पलीकडे सरकली.