पाचोळ्यावरची बैठक

"यंदा प्रदर्शनात पहिलं बक्षीस आपल्याच घरात येणार, लिहून ठेवा," धाकट्या सुनेने जेवताना जाहीर केलं. सासऱ्यांनी ताटावरून मानही वर केली नाही. "हल्ली पाचोळ्यालाही बक्षीस देतात का?" एवढंच म्हणाले.

सुनेला ते फार लागलं. दाबून वाळवलेल्या फुलांची चित्रं ती जीव ओतून करायची आणि घरचे त्याला पाचोळा म्हणायचे. गेल्या वर्षी पुरेसं वजन न पडल्याने पाकळ्या सुरकुतल्या आणि चित्र प्रदर्शनाच्या दारातूनच परत आलं होतं. या वेळी तिने घरातली सगळ्यात जड वस्तू शोधायचं ठरवलं. शिवणयंत्र उचलून पाहिलं, ट्रंका हलवून पाहिल्या. शेवटी नजर खुर्चीतल्या सासऱ्यांवर स्थिरावली.

फुलं टिपकागदात, टिपकागद दोन फळ्यांत आणि फळ्या खुर्चीच्या गादीखाली. सासरे आंघोळीला गेले की कागद बदलायचे. पण त्यांच्या पायाला भिंगरी! घटकाभर बसले की निघाले नाक्यावर. मग सुनेने कंबर कसली. चहा खुर्चीत, पेपर खुर्चीत, जेवणसुद्धा खुर्चीत. ते जरा हलले की ही हजर. "कशाला उठता बाबा? मी आणते ना."

सुरुवातीला सासरे सुखावले, मग चक्रावले. मग त्यांना नुकतीच झालेली डॉक्टरांची तपासणी आठवली आणि दरदरून घाम फुटला. त्यांनी मुलाला जवळ बोलावलं.

"खरं सांग, डॉक्टर काय म्हणाले?"

"ठणठणीत आहात."

"मग तुझी बायको मला उठू का देत नाही?"

मुलाला फुलांचं माहीत होतं, पण बायकोला शब्द दिलेला. तो नुसता जमिनीकडे बघत राहिला. सासरे काय समजायचं ते समजले.

एका छत्रीवरून धाकट्या भावाशी त्यांचं कित्येक वर्षं बोलणं नव्हतं. त्याला फोन करून, आपले थोडेच दिवस उरलेत असं सांगत, त्यांनी छत्री त्याचीच असल्याचं कबूल केलं. भाऊ तसाच धावत आला. "दादा, छत्री राहू दे रे तुलाच," म्हणत रडू लागला. सासरे त्याला मिठी मारायला उठले, तोच स्वयंपाकघरातून सून ओरडली, "बाबा, उठू नका!"

भावाने हंबरडाच फोडला. आता मात्र सुनेला राहवेना. "अहो, यांना काही झालेलं नाही. खाली माझी फुलं आहेत."

तिने गादी उचलून फळ्या उघडल्या. पाकळ्या कागदासारख्या सपाट झाल्या होत्या आणि रंग जसेच्या तसे होते. तिचे डोळे भरून आले. सासऱ्यांनी वाकून एकेक पाकळी निरखली.

"म्हणजे छत्रीचं उगाच कबूल केलं मी," ते म्हणाले. मग गादी नीट करून पुन्हा बसले. "उरलेली फुलं आण. काम अर्धवट नको."

पहिलं बक्षीस खरोखरच मिळालं. फोटोसाठी चित्रासमोर विजेतीची खुर्ची मांडली होती. सून केस सारखे करून येईपर्यंत सासरे त्या खुर्चीत बसून परीक्षकांना पाकळी दाबायची पद्धत समजावत होते. फोटोवाल्याने सुनेला मागे उभं केलं.

"बाबा," ती त्यांच्या कानाशी पुटपुटली, "आता उठा ना."

"सवय तूच लावलीस," सासरे कॅमेऱ्याकडे बघत म्हणाले. "आणि जरा बाजूला सरक. माझं चित्र झाकलं जातंय."