नोंद नाही, बाद

आमच्या सोसायटीत गुणगुणायची चोरी होती. दाढी करताना म्हणा, पाण्याची मोटर चालू करायला खाली उतरल्यावर म्हणा, तोंडातून एखादी ओळ निसटली की तळमजल्याच्या खिडकीतून प्रश्न यायचा, "नोंद?" म्हणजे चित्रपट कोणता, साल कोणतं, लिहिलं कुणी, गायलं कुणी. उत्तर आलं नाही तर निकुंभकाका जाडजूड पुस्तक काखोटीला मारून जिना चढून यायचे. उत्तर आलं तर ते बरोबर आहे का बघायला यायचे. काही झालं तरी आपली दाढी अर्धीच राहायची.

निकुंभकाका मूळचे धुळ्याकडचे. पलसाण्याच्या एका मिलच्या रंगखात्यात त्यांची उभी नोकरी झाली. गिऱ्हाइकानं आणलेल्या चिंधीशी कापडाचा रंग तंतोतंत जुळवायचा, हे त्यांचं काम. 'जवळपास तसाच' हे शब्द उच्चारणाऱ्या माणसाशी ते दोन दिवस बोलत नसत. निवृत्तीनंतर ही सगळी कडक नजर चित्रपटगीतांच्या कोशाकडे वळली. पाच खंड. प्रत्येक खंड साडीच्या प्लॅस्टिकच्या पिशवीत, आणि खुणेला पानोपानी रंगीत चिंध्या. हिरवी चिंधी म्हणजे खात्री झालेली नोंद, लाल म्हणजे वादातली. हात धुऊन, पुसून, पंख्याखाली वाळवल्याशिवाय पुस्तकाला हात लावायचा नाही. समोरच्या हंसाबेननी एकदा भोळेपणानं गुजरातीत विचारलं, "काका, आ गीत कई फिल्मनुं?" त्यांचं दूध उतू गेलं, करपलं, पातेलं काळं झालं, तरी काका अजून संगीतकाराच्या सहायकापर्यंतच पोचले होते.

त्यांचं एक ठाम मत होतं. पुस्तक पुढून उघडतो तो अडाणी. "सर, आधी शुद्धिपत्र, मग पुरवणी, मग पुस्तक," असं ते मला बजावायचे. मी मराठी शाळेत मास्तरकी केलेला माणूस. मलाही ते पुस्तक कसं उघडायचं ते शिकवायचे आणि मी मुकाट्यानं मान डोलवायचो.

आणि गंमत अशी, की या माणसाची बायको म्हणजे आमच्या सुमनवहिनी. वहिनी दिवसभर गायच्या. शब्द स्वतःचे, कडवी उलटीसुलटी, एका गाण्याचा मुखडा आणि दुसऱ्याचा अंतरा. काका बाहेरच्या खोलीतून दुरुस्त्या सांगायचे. वहिनी "बरं" म्हणायच्या आणि पुन्हा तेच चुकीचं गायच्या. आमच्या स्वयंपाकघरात कुकरच्या शिट्ट्यांबरोबर त्यांचा आवाज यायचा. गोड होता हो. हे मी त्यांना कधी सांगितलं नाही.

सहा वर्षांपूर्वीच्या गणपतीतली गोष्ट. सोसायटीत अंताक्षरी होती, परीक्षक अर्थातच निकुंभकाका. टेबलावर पाच खंड, शेजारी हात पुसायला पंचा. नियम त्यांनीच केलेला, गाणं कोशात असेल तरच धरलं जाईल. शेवटच्या फेरीत आमचा संघ आणि बायकांचा संघ बरोबरीत आले आणि बायकांवर 'ठ' आला. आम्ही मनातल्या मनात जिंकून मोकळे झालो होतो. तेवढ्यात वहिनी उभ्या राहिल्या आणि 'ठ'वरून एक गाणं म्हणाल्या. मुखडा, वर एक अख्खं कडवं. मांडवात टाळ्या पडल्या.

आणि मी, या पांढऱ्या केसांच्या मास्तरानं, हात वर केला. म्हणालो, "नोंद दाखवा." काकांच्याच आवाजात, काकांसारखीच मान वाकडी करून. मांडव खो खो हसला. मला फार बरं वाटलं तेव्हा.

काकांनी हात धुतले, वाळवले. पाचही खंडांच्या अनुक्रमणिकांवरून बोट फिरवलं. दहा मिनिटं कुणी हललं नाही. मग चष्मा काढून म्हणाले, "नोंद नाही. बाद."

वहिनी हसल्या. घरच्या अहिराणीत म्हणाल्या, "तुमना पुस्तकमा नही ते नही, मना कानमा शे ना." आणि खाली बसल्या. आम्हाला बक्षीस म्हणून एकेक स्टीलचा डबा मिळाला, झाकणावर 'प्रथम क्रमांक' कोरलेला. आमच्या हिनं त्यात तुरीची डाळ भरली.

त्यानंतर खालून कुकरच्या नुसत्या शिट्ट्याच यायला लागल्या. बायको म्हणाली, जाऊन चार शब्द बोला. मी म्हटलं, खेळ तो खेळ, त्यात काय मनाला लावून घ्यायचं. दीड वर्षानं वहिनी झोपेतच गेल्या. माझे चार शब्द राहिले ते राहिलेच.

मधली वर्षं अंताक्षरी बंद पडली होती. यंदा मंडळानं पुन्हा घ्यायची ठरवली आणि परीक्षकपदाचं आमंत्रण घेऊन मला पाठवलं. काकांनी ऐकून घेतलं, चहा दिला आणि सांगितलं, आधीचा निकाल चुकलेला असताना मला त्या खुर्चीवर बसता येणार नाही. मला वाटलं, वय झालं. दुसऱ्या दिवशी दुपारी दाराची बेल वाजली. काका दारात उभे. हातात रिकामी पिशवी.

"निकाल बदलला आहे. डबा द्या," म्हणाले.

हिनं माझ्याकडे बघितलं. मी तिच्याकडे. मग ती आत गेली, डाळ परातीत ओतली, डबा घासून पुसून आणला. मी म्हटलं, काका, आमच्या संघात चौघं होतो, चारही डबे गोळा करायचे का? ते म्हणाले, बाकीचे राहू देत. हरकत तुम्ही घेतली होती. मग मला म्हणाले, खाली या.

खाली टेबलावर तिसरा खंड होता. त्यांनी तो मागून उघडला. त्या पानात हिरवी चिंधी नव्हती, लालही नव्हती, तरी बोट थेट ओळीवर गेलं. पुरवणी. ध्वनिमुद्रित झालेली, पण चित्रपटातून वगळलेली गाणी. वहिनींचं गाणं तिथं होतं. गायिका, गीतकार, साल, सगळं.

"त्या दिवशी पुरवणी बघितली नाही मी," काका म्हणाले. "बायकोसाठी जास्त शोधलं, असं लोक म्हणाले असते. चौथ्या दिवशी सापडलं."

मी विचारलं, "वहिनींना सांगितलंत?"

त्यांनी पिशवीची घडी घातली. मग म्हणाले, "रोज चहाच्या वेळी सांगणार होतो. तिच्यापुढे चुकायची सवय नव्हती हो मला. दीड वर्ष होतं, सर. दीड वर्षात एक वाक्य झालं नाही."

डबा त्यांनी आत नेऊन ओट्यावरच्या फळीवर ठेवला, 'प्रथम क्रमांक' समोर दिसेल असा. फळीच्या वर वहिनींचा फोटो होता. काका मला म्हणाले, हरकत मागे घ्या. मी हसलो नाही. फोटोपुढे हात जोडून म्हणालो, "वहिनी, हरकत मागे घेतो. चुकलं माझं."

मला वाटलं, झालं. पण काकांनी माझा दंड धरला. त्या गाण्याची रेकॉर्ड त्यांनी सगळीकडे शोधली होती. जुन्या बाजारात, मुंबईच्या दुकानदारांना पत्रं लिहून, कोसाडला राहणाऱ्या वहिनींच्या मावशीकडे दोनदा जाऊन. कुठंच मिळाली नव्हती.

"तुम्ही समोर होतात," ते म्हणाले. "चाल आठवते? पुस्तकात चाल नसते."

मी डोळे मिटून खूप प्रयत्न केला. मांडव आठवला, टाळ्या आठवल्या, वहिनींची हिरवी साडीसुद्धा आठवली. चाल आठवेना. त्या गात होत्या तेव्हा मी गाणं ऐकतच नव्हतो, हरकत कशी घ्यावी ते ठरवत होतो. हे मी काकांना तसंच्या तसं सांगितलं. ते म्हणाले, "मीही तेव्हा मनात अनुक्रमणिकाच चाळत होतो." आणि त्यांनी खंड पिशवीत घातला.

वर येताना मी जिन्यात मुद्दाम एक जुनं गाणं मोठ्यानं गुणगुणलो. शब्द चुकवले, वहिनींसारखा दुसऱ्याच गाण्याचा अंतरा जोडला. काकांची खिडकी उघडी होती. मी पायरीवर थोडा वेळ थांबलो. खालून कुणी काही विचारलं नाही.