वारं येऊ दे

भर चौकात वाढदिवसाच्या फ्लेक्ससमोर मोबाईल धरून हलायचं विसरलेला म्हातारा दिसला, तर ते आमचे शेजारी बसवंतअण्णा समजा. जन्मभर लग्नांचे व्हिडिओ काढले. आता फ्लेक्सवरच्या माणसांचे काढतात. खालच्या रांगांतला एकेक स्टॅम्पएवढा चेहरा. आवाज नाही, गाणं नाही. कोणी हटकलं की एकच उत्तर: "थांब की, वारं येऊ दे."

वारं आलं की फ्लेक्स फुगतो, गाल हलतात, भावी नगरसेवक ओठ मुडपतो. संपला व्हिडिओ. चित्रकला शिकणाऱ्या पोरांनी याला 'प्रायोगिक' म्हटलं, तेव्हापासून अण्णा दूधवाल्यालाही थांबवून दाखवतात. "लग्नात हसा म्हटलं की हसायची लोकं. ही बग, न सांगता हालत्यात."

दूधवाल्याने शेवटपर्यंत पाहिलं. "अण्णा, यात नवरी कुटं हाय?"

मला फ्लेक्सचा संताप येतो. सिग्नल झाकतात, झाडांना खिळे ठोकतात, आणि मिसरूड न फुटलेल्याला 'मार्गदर्शक' करून टाकतात. मी पत्रकं वाटली, महापालिकेत खेटे घातले. पुरावा म्हणून अण्णांचे व्हिडिओ मागितले, तर म्हणाले, "पुरावा न्हाय बाळा, माणसं हायत ती."

अखेर महापालिकेची गाडी आली. चौकातले फ्लेक्स भराभर उतरले. शेवटच्यापाशी अण्णा आडवे आले.

"अण्णा, बेकायदा आहे हे. बाजूला व्हा," मी म्हणालो.

"व्हय की. दोन मिनिटं दे."

त्यांनी सगळ्यात खालच्या रांगेतल्या एका चेहऱ्यावर बोट ठेवलं. महेश, त्यांचा मुलगा. पुण्याला गेला तो गेलाच. इथल्या मित्रांनी त्याला न विचारताच 'शुभेच्छुक' म्हणून छापला होता.

"त्याला रोज व्हिडिओ धाडायचो. लई झालं असंल. ब्लॉक केलं त्यानं." अण्णांनी मोबाईल पुढे केला. महेशच्या नावाशेजारी फोटो नव्हता, नुसता करडा गोल. "हितं हालतो तरी."

त्यांनी मोबाईल रोखला. वारं अगदीच पडलेलं. गाडीवाल्याने हॉर्न दिला. अण्णा तसेच उभे.

मी फ्लेक्सच्या मागे गेलो, अंदाजाने महेशच्या पाठीला हात लावला आणि कापड हलवू लागलो.

पलीकडून अण्णांचा आवाज आला, "हळू, बाळा. इतकं हसत न्हाय तो."